रीशेडचा ओव्हरले उघडतच नाही, होम दाबून दाबून बोट दुखलं

कृष्णाकाठ | शनिवार, रात्री १०:५२

मंडळी, चार दिवस डोकं फोडून झालं, आता तुमच्या दारात आलोय.

लॅपटॉप, विंडोज ११, गेम 'राजी'. हो, पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा, २०२० मध्ये आलेला. त्यात रीशेड टाकलंय, म्हणजे गेमच्या चित्रावर वरून रंगांचे इफेक्ट चढवणारं सॉफ्टवेअर. गेम चालू असताना कीबोर्डवरचं होम दाबलं की गेमवरच त्याची सेटिंगची खिडकी, म्हणजे ओव्हरले, उघडते असं सगळीकडे वाचलं. माझ्याकडे काहीही होत नाही. खिडकी नाही, एरर नाही. गेम मात्र लोण्यासारखा चालतो, तेवढंच समाधान.

आतापर्यंत करून बघितलेलं: लॅपटॉप रिस्टार्ट, ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा, फुल स्क्रीनऐवजी बॉर्डरलेस, उजवी क्लिक करून 'ॲडमिन म्हणून चालवा'. शेवटी गेम काढून पुन्हा उतरवला, त्यात दोन दिवसांचा डेटा गेला.

(फाइलींची नावं इथे देवनागरीत लिहितोय, यंत्रावर अर्थातच रोमनमध्ये आहेत.)

चहाटळ | रात्री ११:०३

होम दाबल्यावर गेमला घरची आठवण येत असेल, म्हणून गप्प बसत असेल. कृपया हलके घ्या.

फलाट_क्रमांक_दोन | रात्री ११:१०

आधी बाकीची लटांबरं बंद करा. स्टीमचा (गेम विकत घ्यायचं ॲप) ओव्हरले, डिस्कॉर्डचा (गप्पांचं ॲप) ओव्हरले, आणि ग्राफिक्स कार्डावर नजर ठेवणारा आफ्टरबर्नर वापरत असाल तर त्याच्यासोबत येणारा रिवाट्यूनर. गेम जिथे तयार झालेलं चित्र पडद्याकडे सोडतो, त्याच एका ठिकाणी ही सगळी मंडळी लोंबकळतात. एकाच वेळी तिघं-चौघं लटकले की कुणाचा तरी हात सुटतो. रिवाट्यूनर ठेवायचाच असेल तर त्याच्या सेटिंगमध्ये 'मायक्रोसॉफ्ट डिटूर्स' वापरण्याचा पर्याय आहे, तो चालू केला की बऱ्याचदा दोघांचं पटतं.

सह्यकडा | रात्री ११:२४

अहो होम कशाला? ऑल्ट आणि झेड एकत्र दाबा. मी रोज दाबतो, रोज उघडतो.

वायरमन_नाना | रात्री ११:४१

सह्यकडा, तो एनव्हिडियाचा ओव्हरले. रंगांचे फिल्टर त्यातही आहेत (ऑल्ट+एफ३), पण ते ठरावीक गेममध्येच चालतात. विंडोजचा गेमबार विंडोज+जी ने उघडतो, स्टीमचा शिफ्ट+टॅबने. सगळ्यांनाच आपण 'ओव्हरले' म्हणतो म्हणून हा घोळ होतो. इथे विषय रीशेडचा आहे, त्याची कळ होम. आवृत्ती ४ यायच्या आधी शिफ्ट+एफ२ होती, त्यामुळे जुने व्हिडिओ बघून कुणी ते सांगितलं तर गडबडू नका.

कृष्णाकाठ, एकच सांग. गेम सुरू होताना पडद्याच्या वरच्या कडेला रीशेडची पट्टी दिसते का? आवृत्ती किती, अमुक कळ दाबा वगैरे लिहिलेलं असतं, काही क्षणांत जाते.

यावर सगळं आहे. पट्टी दिसत असेल तर रीशेड गेमच्या आत पोचलंय आणि भानगड फक्त कळेची आहे. दिसत नसेल तर ते आत शिरलेलंच नाही, मग होम दाब नाहीतर हातोडी मार.

कृष्णाकाठ | रात्री ११:५८

नाना, पट्टीबिट्टी काही नाही. फलाट, सगळे ओव्हरले बंद केले, फरक शून्य.

पण रीशेड आत पोचलंय असं मला वाटतं, कारण गेमच्या फोल्डरमध्ये 'रीशेड.लॉग' ही त्याची नोंदवही आहे. लोड झाल्याशिवाय लॉग कसा बनेल?

शून्यविराम | रविवार, सकाळी १२:१५

लॉगबद्दल बरोबर बोलताय, म्हणूनच पट्टी न दिसणं विचित्र वाटतंय. गेम ३२ बिटचा आणि रीशेड ६४ बिटचं असं तर नाही ना? टास्क मॅनेजरच्या 'डिटेल्स'मध्ये वरच्या शीर्षकांवर उजवी क्लिक करून 'आर्किटेक्चर'चा रकाना चालू करा, त्यात दिसेल.

गेम कुठल्या फोल्डरमध्ये आहे? पूर्ण पत्ता द्या.

कृष्णाकाठ | सकाळी १२:२२

डी ड्राइव्ह, त्यात 'खेळ' नावाचं फोल्डर, त्यात स्टीमची लायब्ररी. आर्किटेक्चर ६४ दाखवतंय.

चहाटळ | सकाळी १२:२५

फोल्डरचं नाव मराठीत? मंडळाकडून शाल-श्रीफळ मिळायला हवं.

शून्यविराम | सकाळी १२:३८

हसू नका, शंका घेण्यासारखं आहे. विंडोजच्या जुन्या पद्धतीत बऱ्याच लिप्यांना आपापलं 'एएनएसआय कोड पेज', म्हणजे अक्षरांचा तक्ता, असायचं. देवनागरीला ते कधीच मिळालं नाही, आपण थेट युनिकोडमध्ये आलो. त्यामुळे जुन्या पद्धतीने लिहिलेल्या प्रोग्रॅमला 'खेळ' हा शब्द प्रश्नचिन्हांसारखा दिसतो आणि फाइल सापडत नाही. रीशेड त्यातलं नसावं, पण खात्री करायला एकदा गेम साध्या रोमन नावाच्या फोल्डरमध्ये हलवून बघा.

कृष्णाकाठ | सकाळी १:०५

फोल्डरचं नाव बदललं. आता स्टीम म्हणतंय गेम इन्स्टॉलच नाही. 😭

शून्यविराम | सकाळी १:०९

अरेरे. 'हलवा' म्हणाले, 'नाव बदला' नाही. नाव होतं तसं करा, स्टीम बंद करून परत सुरू करा, येईल. हलवायचं तर स्टीमच्या आतूनच: गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये 'इन्स्टॉल्ड फाइल्स', तिथे हलवण्याचं बटण आहे.

कृष्णाकाठ | सकाळी १:३१

आला परत. जिवात जीव आला. रोमन फोल्डरमध्ये हलवूनही बघितलं, ओव्हरले तरी नाही. झोपतो.

रसिकराज | सकाळी ८:४०

मला एक कळत नाही. त्या लोकांनी पहाडी शैलीतल्या चित्रांवरून, सावल्यांच्या बाहुल्यांवरून इतक्या निगुतीने तो गेम रंगवला. त्यावर आपण वरून रंग फासायचे कशाला? जेवणाआधीच मीठ मागणाऱ्यांची ही जात. जसा केलाय तसा खेळा की!

फलाट_क्रमांक_दोन | सकाळी ९:१५

रसिकराज, तो वेगळा धागा होईल, तिथे भांडू.

जाता जाता, वाचणाऱ्या इतरांसाठी: 'राजी' एकट्याने खेळायचा गेम आहे म्हणून हे सगळं ठीक. ऑनलाइन स्पर्धेच्या गेममध्ये, जिथे ईझी अँटी-चीट किंवा बॅटलआय हे लबाडी पकडणारे प्रोग्रॅम पहारा देतात, तिथे असली उठाठेव करू नका. बरं झालं तर गेम सुरूच होणार नाही, वाईट झालं तर खातं गोठेल. रीशेडच्या दोन आवृत्त्या असतात. साधी आवृत्ती नेटवर्कची हालचाल दिसली की दृश्यातलं काय किती लांब आहे ही माहिती वाचणं बंद करते, म्हणजे भिंतीपलीकडचं बघायची सोय राहू नये. 'ॲड-ऑन'वाल्या पूर्ण आवृत्तीत ते बंधन नाही, म्हणून ती फक्त एकट्याच्या खेळासाठी.

कृष्णाकाठ | सकाळी १०:५०

उठलो. लाइट नव्हती, आत्ता आली.

रसिकराज, तुमचं म्हणणं कळलं. पण मला लाल आणि हिरवा नीट वेगळे दिसत नाहीत, जन्मापासून. विटकरी भिंतीपुढे हिरवट काही उभं असलं तर ते हलेपर्यंत मला कळत नाही, आणि हललं की मी मेलेलो असतो. रीशेडमध्ये 'डाल्टनाइझ' नावाचा इफेक्ट आहे, तो असे रंग एकमेकांपासून लांब सरकवतो. मला फक्त तेवढाच हवाय.

रसिकराज | सकाळी ११:०२

माफ करा. खरंच माफ करा, मी आगाऊपणा केला.

विंडोजच्याच सेटिंगमध्ये 'ॲक्सेसिबिलिटी'खाली रंगांचे फिल्टर आहेत, त्यात लाल-हिरव्याचाही आहे. हे मार्गी लागेपर्यंत चालेल का? तिथे एकदा शॉर्टकट चालू केला की विंडोज+कंट्रोल+सी ने चालू-बंद होतो.

कृष्णाकाठ | सकाळी ११:१०

माफी कसली, राव. तो फिल्टर माहितीये. पण तो सगळ्या पडद्यालाच लागतो, गेमपुरता जोर कमी-जास्त करता येत नाही.

वायरमन_नाना | सकाळी ११:३६

लॉगच्या पहिल्या दोन ओळी इथे टाक. सकाळपासून तो लॉग माझ्या डोक्यातून जात नाहीये.

कृष्णाकाठ | सकाळी ११:४४

पहिल्याच ओळीत इतकं लांबलचक आहे: 'इनिशियलायझिंग… रीशेड… ६४ बिट… लोडेड फ्रॉम ई:\गेम्स\… डीएक्सजीआय.डीएलएल'. पुढे 'इंटू' आणि दुसऱ्याच कुठल्यातरी गेमच्या ईएक्सईचा (गेम चालवणाऱ्या फाइलचा) पत्ता, तोही 'ई:' पासून सुरू होणारा.

थांबा. माझ्याकडे ई ड्राइव्हच नाही.

चहाटळ | सकाळी ११:४५

🍿

वायरमन_नाना | सकाळी ११:५२

हे रीशेड कुठून आणलंस?

कृष्णाकाठ | दुपारी १२:०४

मावसभावाकडून. मिरजेला गेलो होतो तेव्हा त्याच्या पीसीवर बघितलं, त्याच्या गेमच्या फोल्डरमधल्या रीशेडच्या सगळ्या फाइली त्याने पेन ड्राइव्हवर दिल्या. म्हणाला, 'ईएक्सईच्या शेजारी टाक, झालं'. मी टाकलं.

म्हणजे हा लॉग त्याच्या पीसीवरचा?

वायरमन_नाना | दुपारी १२:३०

त्याच्याच पीसीवरचा. चार दिवस आपण दुसऱ्याची कुंडली मांडून बसलोय. रीशेड तुझ्या यंत्रावर एकदाही चाललेलं नाही.

का ते सांगतो. रीशेड मागे चालणारा प्रोग्रॅम नाही. गेमला चित्र पडद्यावर आणायला विंडोजची 'डीएक्सजीआय.डीएलएल' फाइल लागते. खरी फाइल 'सिस्टिम३२'मध्ये असते, पण प्रोग्रॅम ती शोधताना आधी आपल्या ईएक्सईच्या फोल्डरमध्ये डोकावतो. रीशेड त्याच नावाची आपली फाइल तिथे ठेवतं. चाळीत एखादा शेजारी पोस्टमनकडून दुसऱ्याचं पत्र परस्पर घेतो, वाचतो, आणि मग मूळ माणसाकडे पोचवतो ना, तसं. पण त्यासाठी शेजारी त्याच जिन्यात उभा पाहिजे. चुकीच्या जिन्यात उभा राहिला तर पोस्टमन त्याला भेटणारच कसा?

तर आता सांग, 'ईएक्सईच्या शेजारी' म्हणजे नेमक्या कुठल्या ईएक्सईच्या?

कृष्णाकाठ | दुपारी १२:३६

गेमचं फोल्डर उघडलं की समोरच दिसते ती. गेमचंच चित्र आहे तिच्यावर.

शून्यविराम | दुपारी १२:४९

सापडलं!! 'राजी' अनरियल इंजिन ४ या गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर बनवलाय. अनरियलच्या गेममध्ये बाहेर दिसणारी ती छोटी ईएक्सई फक्त द्वारपाल असते. ती आतली खरी ईएक्सई सुरू करते, एवढंच तिचं काम. खरी असते आतल्या 'बायनरीज' फोल्डरमधल्या 'विन६४'मध्ये, आणि नावाच्या शेवटी बहुधा 'विन६४-शिपिंग' असतं. डीएलएल तिच्या शेजारी हवी.

अंदाजावर जाऊ नका. गेम चालू ठेवा, टास्क मॅनेजरच्या 'डिटेल्स'मध्ये जी ईएक्सई सगळ्यात जास्त मेमरी खातेय तिच्यावर उजवी क्लिक करा, 'ओपन फाइल लोकेशन'. जे फोल्डर उघडेल तेच खरं घर. दोन सारख्या चित्रांच्या ईएक्सईंमध्ये माणूस फसतोच, ऑफिसात मीही एकदा अख्खी दुपार घालवली आहे.

रीशेडचं अधिकृत इन्स्टॉलर वापरलं असतं तर त्याने ही आतली ईएक्सई स्वतःहून शोधायचा प्रयत्न केला असता. पेन ड्राइव्हला ते कुठून कळणार.

प्रवासी_पक्षी | दुपारी १:२०

लिनक्सवर किंवा स्टीम डेकवर हेच करणाऱ्यांसाठी अवांतर: विंडोजचे गेम तिथे चालवणारं प्रोटॉन आपल्या पदरची डीएक्सजीआय वापरतं, त्यामुळे डीएलएल योग्य जागी ठेवूनही पट्टी येत नाही. स्टीममधल्या लाँच ऑप्शनमध्ये 'वाइनडीएलएलओव्हरराइड्स'ला डीएक्सजीआय 'नेटिव्ह, मग बिल्ट-इन' असं सांगावं लागतं. धागा सोडून बोललो, क्षमस्व.

कृष्णाकाठ | दुपारी १:५८

पट्टी दिसली!!! 🎉🎉

नाना, शून्यविराम, तुमच्या तोंडात साखर पडो. फाइली आत हलवल्या आणि पहिल्याच फटक्यात वर काहीतरी चमकून गेलं.

पण होम दाबलं तरी खिडकी उघडत नाही. 😐

चहाटळ | दुपारी २:०१

जिन्यात शेजारी आला, पण बहिरा निघाला.

फलाट_क्रमांक_दोन | दुपारी २:१४

लॅपटॉप आहे ना? बऱ्याच लॅपटॉपांवर होम वेगळं नसतं, एफएन धरून डावा बाण दाबावा लागतो. नंबरपॅड असेल तर नमलॉक बंद करून ७ दाबा, तेही होमच. खात्री करायची तर विंडोज+कंट्रोल+ओ ने पडद्यावरचा कीबोर्ड काढा आणि त्यातलं होम माउसने दाबून बघा.

कृष्णाकाठ | दुपारी २:३३

तिन्ही करून बघितलं. वर्डमध्ये एफएन+डावा बाण ओळीच्या सुरुवातीला नेतो, म्हणजे होम जातंय. गेममध्ये नाही.

वायरमन_नाना | दुपारी २:४०

पट्टीवर कुठली कळ लिहिली आहे?

कृष्णाकाठ | दुपारी २:४१

होमच असणार ना?

वायरमन_नाना | दुपारी २:४२

'असणार' नको. वाच.

कृष्णाकाठ | दुपारी ३:०७

वाचेपर्यंत जात होती, म्हणून मोबाइलवर व्हिडिओ काढून थांबवून बघितलं.

'स्क्रोल लॉक' लिहिलंय.

माझ्या लॅपटॉपवर स्क्रोल लॉक नावाचं बटणच नाही.

शून्यविराम | दुपारी ३:१५

😂😂 मावसभावाची सेटिंगही पेन ड्राइव्हमधून आली!

'रीशेड.आयएनआय' ही सेटिंगची फाइल नोटपॅडमध्ये उघडा. 'इनपुट'च्या खाली 'कीओव्हरले' असेल, पुढे चार आकडे. पहिला आकडा कळेचा, मग कंट्रोल, शिफ्ट, ऑल्ट, या क्रमाने ० किंवा १. तुमच्याकडे १४५,०,०,० असणार, १४५ म्हणजे स्क्रोल लॉक. होमचा आकडा ३६. शिफ्ट+एफ२ हवं तर ११३,०,१,०.

किंवा आयएनआय उडवूनच टाका. पुढच्या वेळी गेम सुरू केला की रीशेड मूळ सेटिंगची नवी बनवतं.

कृष्णाकाठ | दुपारी ३:२९

३६ केलं. उघडला!! निळसर खिडकी, डावीकडे. आईला बोलावून दाखवला, ती म्हणाली 'बरं'.

आता इफेक्टची यादी रिकामी आहे. मी अंदाज बांधू का? 'आयएनआय'मध्ये इफेक्ट शोधायचा पत्ता 'ई:' ने सुरू होतोय.

वायरमन_नाना | दुपारी ३:३३

शाब्बास. आता शिकलास. ☺️

आता ठिगळं लावत बसू नकोस. रीशेडच्या त्या सगळ्या फाइली काढ, गेमच्या स्वतःच्या फाइलींना हात लावू नकोस. त्यांच्या अधिकृत साइटवरून इन्स्टॉलर उतरव, छोटासा आहे. यादीत गेम दिसला नाही तर 'ब्राउज' करून ती आतली ईएक्सई दे, डायरेक्टएक्स १०/११/१२ वाला पर्याय निवड, आणि इफेक्टचे पॅक विचारले की डाल्टनाइझ ज्यात आहे तो घे. अँटिव्हायरसने डीएलएल उचलून कोपऱ्यात टाकली तर तिथून परत आण. दुसऱ्याच्या नावाने वावरणारी फाइल म्हटल्यावर त्याला संशय येणारच.

सह्यकडा | दुपारी ४:१०

वाचनखूण साठवली. माझाही लॅपटॉपच आहे.

कृष्णाकाठ | संध्याकाळी ६:४५

झालं. नवं इन्स्टॉल, डाल्टनाइझ चालू, त्यात रंगांधळेपणाचा माझा प्रकार, ड्यूटेरॅनोपिया, निवडला. भिंत आणि तिच्यापुढचा शत्रू आता दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ज्या ठिकाणी चार दिवस अडकलो होतो ते दुसऱ्या प्रयत्नात पार झालं.

धाकटी बहीण म्हणते सगळं जांभळट आणि विचित्र दिसतंय. तिलाही हाच गेम खेळायचाय.

वायरमन_नाना | संध्याकाळी ६:५८

सेटिंगमध्ये इफेक्ट चालू-बंद करायची वेगळी कळ लावता येते. लाव, आणि ती बसली की बंद कर.

कृष्णाकाठ | संध्याकाळी ७:२०

एफ९ लावली. तिला सांगितलं. ती म्हणते, राहू दे चालू, तुला कसं दिसतं ते मला बघायचंय.

शून्यविराम | संध्याकाळी ७:३१

तिला सांगा, त्याने तुमच्यासारखं दिसणार नाही. डाल्टनाइझ तुमच्या नजरेची नक्कल करत नाही, तुम्हाला चुकतात ते रंग बाजूला सरकवतो. तिला दिसतंय ते ना तिचं जग, ना तुमचं.

कृष्णाकाठ | संध्याकाळी ७:४४

सांगितलं. तरी चालूच ठेवलाय तिने. आता मला लॅपटॉप कधी मिळतो ते बघायचं.